विश्लेषण : विधिमंडळ एकमताने कायदा करते, मग न्यायालय तो रद्द कसा करते? पनवेलच्या डान्सबारवरून पेटलेल्या वादाची गोष्ट

'डान्सबारवर बंदी आली होती ना? मग हे बार चालू कसे?' रोडपाली, कळंबोली, कामोठे या पट्ट्यात पोलिसांच्या छाप्याची बातमी आली की हा प्रश्न हमखास विचारला जातो. ऑगस्ट २०२५ मध्ये तो पुन्हा जोरात चर्चेत आला. पनवेलमध्ये शेतकरी कामगार पक्षाच्या वर्धापन दिनाच्या सभेत मनसे अध्यक्ष राज ठाकरे यांनी रायगड जिल्ह्यातल्या डान्सबारवर टीका केली आणि त्यानंतर मनसे कार्यकर्त्यांनी पनवेलमधल्या एका बारची तोडफोड केली.

या प्रश्नाचे थोडक्यात उत्तर असे : महाराष्ट्राने डान्सबारवर दोनदा सरसकट बंदी घातली आणि दोन्ही वेळा ती न्यायालयात अडकली. तिसऱ्यांदा बंदीऐवजी कडक अटींचा कायदा आला. त्यातला काही भाग टिकला, काही गेला. विधिमंडळाने केलेला कायदा न्यायालय कसे तपासते, हे समजून घ्यायला यापेक्षा जवळचे उदाहरण पनवेलकरांना मिळणार नाही. कारण या वादाची सुरुवातच पनवेलच्या आमदाराने केली होती.

प्रकरण सुरू कुठून झाले?

२००५ मध्ये पनवेलचे आमदार होते शेकापचे विवेकानंद पाटील. मुंबई-पुणे रस्त्यावरच्या या भागात डान्सबार वाढले होते. तरुण मुले तिथे पैसे उधळतात, घरे उद्ध्वस्त होतात, अशा तक्रारी होत्या. पाटील यांनी विधानसभेत लक्षवेधी सूचना मांडली. ३० मार्च २००५ रोजी तत्कालीन उपमुख्यमंत्री आणि गृहमंत्री आर. आर. पाटील यांनी सभागृहात डान्सबारविरुद्ध कारवाईची घोषणा केली.

पुढे मुंबई पोलीस अधिनियम, १९५१ मध्ये दुरुस्ती करणारे विधेयक आले. जुलै २००५ मध्ये ते एकमताने मंजूर झाले. एकाही पक्षाने विरोध केला नाही. १५ ऑगस्ट २००५ पासून राज्यातले डान्सबार बंद झाले.

कायद्यात नेमके काय होते?

दुरुस्तीने दोन नवी कलमे आणली. कलम ३३-ए नुसार उपाहारगृह, परमिट रूम किंवा बिअर बारमध्ये कोणत्याही प्रकारच्या नृत्याला बंदी होती. नियम मोडल्यास तीन वर्षांपर्यंत कैद आणि दोन लाख रुपयांपर्यंत दंड अशी तरतूद होती.

कलम ३३-बी मात्र सवलतीचे होते. नाट्यगृहे, सिनेमागृहे, फक्त सदस्यांना प्रवेश असलेले क्लब व जिमखाने आणि तीन तारांकित किंवा त्यावरची हॉटेले यांना ही बंदी लागू नव्हती. म्हणजे तोच नाच महामार्गावरच्या बिअर बारमध्ये गुन्हा आणि तारांकित हॉटेलात कायदेशीर. हे ३३-बी लक्षात ठेवा. पुढचा सगळा खटला बऱ्याच अंशी याच्याभोवती फिरला.

कायदा तपासण्याचा अधिकार न्यायालयाला कुणी दिला?

राज्यघटनेने. ब्रिटनमध्ये संसदेचा शब्द शेवटचा मानला जातो, तिथले न्यायालय संसदेचा कायदा रद्द करू शकत नाही. अमेरिकेत १८०३ च्या 'मार्बरी विरुद्ध मॅडिसन' खटल्यात न्यायालयाने स्वतःच सांगितले की घटनेविरुद्धचा कायदा आम्ही लागू करणार नाही. आपल्याकडे घटनाकारांनी हा अधिकार अर्थ लावण्यावर सोडला नाही, थेट लिहूनच ठेवला.

घटनेचे कलम १३ सांगते की मूलभूत हक्क हिरावून घेणारा कायदा सरकारला करता येणार नाही. केलाच, तर तो त्या विसंगतीपुरता रद्दबातल ठरेल. कलम २२६ नुसार उच्च न्यायालयात आणि कलम ३२ नुसार थेट सर्वोच्च न्यायालयात दाद मागता येते. ९ डिसेंबर १९४८ रोजी घटना समितीत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी याच कलम ३२ ला घटनेचा आत्मा आणि हृदय म्हटले होते.

इथे एक व्यावहारिक मुद्दा. रोडपालीतल्या कुणाला एखादा कायदा घटनाबाह्य वाटला, तर पनवेलच्या कोर्टाला तो रद्द करता येत नाही. खालच्या न्यायालयापुढे असा प्रश्न आला तर ते तो उच्च न्यायालयाकडे पाठवू शकते, पण निर्णय देण्याचा अधिकार उच्च न्यायालयाचा आणि सर्वोच्च न्यायालयाचा. रायगड जिल्ह्यासाठी म्हणजे मुंबईला जावे लागते.

न्यायालय नेमके काय तपासते?

कायदा चांगला की वाईट, हे न्यायालय तपासत नाही. तो प्रश्न आमदारांचा आणि मतदारांचा. न्यायालय साधारण तीन गोष्टी पाहते.

पहिली, हा विषय राज्याच्या अखत्यारीत येतो का? घटनेच्या सातव्या अनुसूचीत केंद्राची सूची, राज्याची सूची आणि दोघांची मिळून समवर्ती सूची आहे. संपूर्णपणे केंद्राच्या सूचीतल्या विषयावर राज्याने कायदा केला, तर तो तिथेच पडतो.

दुसरी, कलम १४ म्हणजे समानता. सगळ्यांना एकच नियम हवा असे नाही. सरकार गट पाडू शकते. पण दोन गटांत खरा फरक हवा आणि त्या फरकाचा कायद्याच्या हेतूशी संबंध हवा.

तिसरी, कलम १९. त्यातल्या १९(१)(जी) ने प्रत्येक नागरिकाला कोणताही व्यवसाय करण्याचा हक्क दिला आहे. हा हक्क अमर्याद नाही. कलम १९(६) नुसार जनहितासाठी सरकार वाजवी निर्बंध घालू शकते. वाद असतो तो 'वाजवी' या शब्दावर. काम नियमांत बसवणे वेगळे आणि कामच बंद करणे वेगळे. संपूर्ण बंदी घातली असेल, तर कमी कठोर उपाय का पुरला नसता हे सरकारला पटवून द्यावे लागते.

आणि एक गोष्ट न्यायालय आधीच गृहीत धरते : कायदा घटनेला धरूनच आहे. तो तसा नाही हे दाखवण्याची जबाबदारी आव्हान देणाऱ्यावर असते. मूलभूत हक्कावर थेट घाव पडला आहे हे एकदा दिसले, की मग समर्थनाचा भार सरकारकडे सरकतो.

हायकोर्टात कायदा कुठे अडकला?

बंदीविरुद्ध बारमालकांच्या आणि हॉटेलचालकांच्या संघटना मुंबई उच्च न्यायालयात गेल्या. त्यांच्यासोबत बारमध्ये नाचणाऱ्या महिलांची भारतीय बारगर्ल्स युनियन होती आणि काही स्त्री संघटनाही होत्या. १२ एप्रिल २००६ रोजी न्या. एफ. आय. रिबेलो आणि न्या. रोशन दळवी यांच्या खंडपीठाने बंदी रद्द केली. आधार दोन : कलम १४ आणि कलम १९(१)(जी).

समानतेच्या कसोटीवर सरकारची अडचण उघड होती. कायद्याचा हेतू स्त्रियांचे शोषण थांबवणे आणि समाजाची नीती जपणे हा सांगितला होता. मग तोच नाच तीन तारांकित हॉटेलात झाला तर शोषण होत नाही का? हॉटेलच्या दारावरच्या ताऱ्यांचा आणि नाचणाऱ्या स्त्रीच्या प्रतिष्ठेचा संबंध काय, याचे समाधानकारक उत्तर सरकारकडे नव्हते. शिवाय त्याच बारमध्ये स्त्रियांनी गाणे म्हणणे किंवा वेट्रेस म्हणून काम करणे चालत होते. बंदी होती ती फक्त नाचण्यावर.

सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले आणि हायकोर्टाच्या निकालाला स्थगिती मिळाली. परिणामी कायदा रद्द ठरूनही बंदी कायम राहिली. हे अपील सात वर्षे चालले.

सर्वोच्च न्यायालयात सरकारची बाजू काय होती?

सरकारचे म्हणणे हलक्यात घेण्यासारखे नव्हते. डान्सबारच्या आडून वेश्याव्यवसाय चालतो, मुलींची वाहतूक होते, अल्पवयीन मुली आणल्या जातात, गुन्हेगारांचे अड्डे तयार होतात, तरुण कर्जबाजारी होतात, असे सरकारने मांडले. ज्या घरातला पगार बारमध्ये उडत होता, त्या घरातल्या बायकांचा त्रासही खराच होता. लक्षवेधी सूचना हवेतून आलेली नव्हती.

पण न्यायालयाने विचारले, पुरावा काय? एसएनडीटी विद्यापीठाचा आणि 'प्रयास' संस्थेचा असे बारमध्ये काम करणाऱ्या महिलांचे अभ्यास न्यायालयापुढे होते. बंदीचे समर्थन करण्याइतका आधार त्यातून मिळत नाही, असे न्यायालयाला वाटले. दुसरा प्रश्न, हातातले कायदे वापरले का? अनैतिक व्यापार प्रतिबंध कायदा होता, सार्वजनिक ठिकाणच्या अश्लील कृत्यांसाठी भारतीय दंड संहितेचे कलम २९४ होते, करमणुकीच्या ठिकाणांना परवाने देण्याचे नियम होते.

१६ जुलै २०१३ रोजी सरन्यायाधीश अल्तमस कबीर आणि न्या. सुरिंदरसिंग निज्जर यांनी हायकोर्टाचा निकाल कायम केला. श्रीमंतांच्या हॉटेलातला नाच सभ्य आणि साध्या बारमधला तोच नाच अनैतिक, ही समजूत न्यायालयाने उच्चभ्रूपणाची ठरवली. बंदीमुळे ७५ हजारांहून अधिक महिला बेरोजगार झाल्याचे आणि त्यातल्या अनेकींना घर चालवण्यासाठी देहविक्रय करावा लागल्याचे निकालात नोंदले आहे. ज्यांना वाचवण्यासाठी कायदा केला, त्यांनाच त्याने खड्ड्यात ढकलले. रोगापेक्षा इलाज भयंकर ठरला, असा निकालाचा सूर होता.

मग २०१४ मध्ये दुसरा कायदा कसा आला?

न्यायालयाने कायदा रद्द केला म्हणजे विषय संपला असे नसते. न्यायालयाने दाखवलेला दोष दुरुस्त करून विधिमंडळ नवा कायदा करू शकते. नुसते 'तो निकाल आम्हाला मान्य नाही' असा कायदा मात्र करता येत नाही. दोष खरोखर काढावा लागतो.

जून २०१४ मध्ये विधिमंडळाने पुन्हा दुरुस्ती मंजूर केली, पुन्हा एकमताने आणि जवळपास चर्चेशिवाय. यावेळी ३३-बी ची सवलतच काढून टाकली. तारांकित हॉटेलांवरही बंदी आली. भेदभाव हा आक्षेप होता ना, मग सगळ्यांनाच बंद, असा हिशेब होता.

पण कसोट्या दोन होत्या. समानतेचा आक्षेप कमी झाला, व्यवसायाच्या हक्काचा तसाच राहिला. किंबहुना बंदी आणखी मोठी झाली. १५ ऑक्टोबर २०१५ रोजी न्या. दीपक मिश्रा आणि न्या. प्रफुल्लचंद्र पंत यांच्या खंडपीठाने नव्या तरतुदीला स्थगिती दिली. नाचात अश्लीलता असता कामा नये आणि त्यासाठी परवाना देणाऱ्यांनी नियंत्रण ठेवावे, असेही बजावले.

तिसऱ्या कायद्यातले काय टिकले, काय गेले?

तोवर राज्यात सरकार बदलले होते. २००५ आणि २०१४ मध्ये काँग्रेस-राष्ट्रवादीचे सरकार होते, २०१६ मध्ये भाजप-शिवसेनेचे. धोरण मात्र तेच राहिले. एप्रिल २०१६ मध्ये अश्लील नृत्यास प्रतिबंध आणि तिथे काम करणाऱ्या महिलांच्या प्रतिष्ठेचे रक्षण, अशा नावाचा स्वतंत्र कायदा आला. बंदी हा शब्द मागे गेला, अटींची जंत्री पुढे आली.

१७ जानेवारी २०१९ रोजी न्या. ए. के. सिक्री आणि न्या. अशोक भूषण यांनी या अटी एकेक करून तपासल्या.

टिकलेल्या अटी :
• अश्लील नृत्याची व्याख्या आणि त्यावरची बंदी.
• नृत्याची वेळ सायंकाळी ६ ते रात्री ११.३०.
• नाचणाऱ्या महिलेवर नोटा उधळण्यास मनाई. टिप देता येईल, उधळता येणार नाही.
• महिलांशी लेखी करार आणि पैसे बँक खात्यात.

रद्द झालेल्या अटी :
• नृत्याच्या जागी दारू देण्यावरची बंदी.
• आतल्या भागात सीसीटीव्हीची सक्ती. न्यायालयाने हा खासगीपणाचा भंग मानला.
• परवाना मागणाऱ्याचे 'चांगले चारित्र्य' हवे, ही मोघम अट.
• शाळा आणि धार्मिक स्थळांपासून १ किलोमीटर अंतराची अट.

शेवटची अट कागदावर निरुपद्रवी दिसते. नकाशावर मांडून पाहा. १ किलोमीटर त्रिज्येचे वर्तुळ म्हणजे ३.१४ चौरस किलोमीटर क्षेत्र. प्रत्येक शाळा आणि प्रत्येक देऊळ, मशीद, चर्च यांच्याभोवती असे वर्तुळ काढायचे. रोडपालीसारख्या सिडकोच्या आखीव वसाहतीत, जिथे दर थोड्या अंतरावर शाळा आहे आणि देऊळही आहे, तिथे ही वर्तुळे एकमेकांवर चढून मोकळी जागाच उरत नाही. मुंबईसारख्या शहरात ही अट पाळणे अशक्य आहे, हेच न्यायालयाने म्हटले. ज्या अटी पाळताच येत नाहीत त्या नियमन नसतात, ती मागच्या दाराने आणलेली बंदी असते. २००५ नंतर एकालाही परवाना मिळाला नाही, याकडे न्यायालयाने बोट दाखवले.

अर्धा कायदा ठेवून अर्धा काढण्याची ही पद्धतही मुंबईला जुनी आहे. १९५१ मध्ये 'मुंबई राज्य विरुद्ध एफ. एन. बलसारा' या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने मुंबई दारूबंदी कायद्यातल्या काही तरतुदी, उदाहरणार्थ अल्कोहोल असलेली औषधे आणि प्रसाधने बाळगण्यावरचे निर्बंध, रद्द केल्या होत्या. बाकीचा कायदा मात्र टिकवला. सडका भाग वेगळा काढता येत असेल तर सगळा कायदा फेकायचा नाही, असा हा नियम आहे.

निवडून न आलेल्या न्यायमूर्तींनी आमदारांचे का ऐकू नये?

हा आक्षेप महत्त्वाचा आहे. विधानसभेत २८८ आमदार लोकांनी निवडून दिलेले असतात. ते एकमताने काही ठरवतात आणि दोन न्यायमूर्ती ते मोडतात, हे कुणालाही खटकेल.

पण एकमत नेमके काय सांगते? बहुसंख्य लोकांना ते हवे आहे, एवढेच. कायद्याची किंमत ज्यांना मोजावी लागणार, ते त्या सभागृहात होते का, हे एकमतातून कळत नाही. उलट २००५ मध्ये डान्सबारच्या बाजूने बोलणे म्हणजे मते गमावणे होते. बारमध्ये नाचणाऱ्या महिलांची बाजू घेणारा पक्ष सभागृहात नव्हता. त्यांना आपले म्हणणे मांडायला आणि सरकारला उत्तर द्यायला भाग पाडायला एकच जागा मिळाली, ती म्हणजे कोर्ट. मूलभूत हक्क मतांच्या गणिताबाहेर ठेवण्याचे कारण हेच.

न्यायालय दर वेळी सरकारच्या विरोधात जाते असेही नाही आणि सगळी न्यायालये एकच उत्तर देतात असेही नाही. मराठा आरक्षणाचा २०१८ चा कायदाही विधिमंडळात एकमताने झाला. मुंबई उच्च न्यायालयाने २७ जून २०१९ रोजी तो टक्केवारी कमी करून वैध ठरवला. ५ मे २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तो रद्द केला. डान्सबारवर वरच्या न्यायालयाने हायकोर्टाचे ऐकले, आरक्षणावर नाही. दोन्ही वेळा सभागृहातले एकमत कामी आले नाही.

आज स्थिती काय आहे?

डान्सबारवर सरसकट बंदी नाही. २०१६ चा कायदा, न्यायालयाने काढलेल्या अटी वगळून, लागू आहे. नृत्यासाठी परवाना लागतो. छाप्यांच्या बातम्यांमध्ये दिसणारा शब्द बहुतेक वेळा 'ऑर्केस्ट्रा बार' असतो. ऑर्केस्ट्राच्या परवान्यावर गाणी चालतात, नाच चालत नाही. तसा नाच आढळला किंवा नृत्य अश्लील असल्याचे पोलिसांना वाटले, तर गुन्हा नोंदवला जातो. म्हणजे 'बंदी असताना बार चालू कसे' हा प्रश्नच चुकीच्या जागी उभा आहे. विचारायला हवे ते हे की परवाना कशाचा आहे आणि तो नाकारला असेल तर कोणत्या कारणाने. आणि बार बेकायदा चालत असला तरी कारवाईचा अधिकार पोलिसांचा आहे, दगड घेऊन आलेल्या जमावाचा नाही.

निकालाने काय दिले?

कायद्याच्या पुस्तकात बरेच काही. समानता कशी मोजायची, बंदी आणि नियमन यांतली रेषा कुठे, सरकारने स्वतःच्या नीतिमत्तेच्या कल्पना समाजावर किती लादायच्या, यासाठी वकील आजही या निकालांचा आधार घेतात.

ज्यांच्यासाठी लढाई झाली त्यांच्या हाती मात्र फारसे काही लागले नाही. १५ ऑगस्ट २००५ ते १७ जानेवारी २०१९ म्हणजे १३ वर्षे ५ महिने. या काळात कोर्टाने बंदीच्या विरोधात मत देऊनही कधी स्थगितीमुळे, कधी नव्या कायद्यामुळे, तर कधी अटींमुळे काम परत मिळाले नाही. २००५ मध्ये विशीत असलेली बारमधली मुलगी शेवटच्या निकालापर्यंत तिशी ओलांडून गेली होती. न्यायालय कायदा रद्द करू शकते. तो कायदा लागू असताना गेलेली वर्षे आणि बुडालेला पगार परत देण्याची सोय त्या निकालात नसते. म्हणून कायदा कोर्टात टिकेल का, हा प्रश्न विधेयक सभागृहात असतानाच विचारलेला बरा. २०१४ मध्ये त्यासाठी नीट चर्चासुद्धा झाली नव्हती.